बांधाचा वाद आणि न्यायालयाची योग्य पायरी

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, ही म्हण ग्रामीण महाराष्ट्रात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाते. तिच्यात अनुभवाचा अर्क आहे, हे नाकारता येत नाही. दिवाणी दावा, त्यावरील अपील, दुसरे अपील आणि अखेरीस हुकूमनाम्याची अंमलबजावणी या वाटेवर शेतकरी कुटुंबाची एक पिढी खर्ची पडते. बंगळूरू येथील ‘दक्ष’ या संस्थेने २०१६ मध्ये केलेल्या पाहणीत दिवाणी पक्षकारांपैकी सुमारे दोन-तृतीयांश पक्षकारांचे वाद जमीन व मालमत्तेचे आढळले होते. तथापि या म्हणीचा दुसरा परिणाम फारसा बोलला जात नाही. न्यायालय टाळण्याच्या नादात शेतकरी मोजणी टाळतो, लेखी हरकत टाळतो आणि कायद्याने दिलेली मुदतही हातची घालवतो. मग दहा-पंधरा वर्षांनी वाद न्यायालयात जातोच. फरक एवढाच की तोवर पुरावा पुसट झालेला असतो आणि शेजारधर्म संपलेला असतो.

म्हणून या म्हणीत थोडी दुरुस्ती करणे आवश्यक आहे. शहाण्याने पायरी चढू नये असे नव्हे. कोणती पायरी, कोणत्या वेळी आणि कोणता कागद हातात घेऊन चढावी, हे त्याने आधी ठरवावे. कृषी विस्तार यंत्रणेने या विषयाकडे ‘महसूल खात्याचे काम’ म्हणून पाठ फिरवणेही योग्य नाही. ज्या शेताची हद्द वादात आहे तेथे बांधबंदिस्ती होत नाही, शेततळ्याची जागा ठरत नाही, ठिबकची मुख्य वाहिनी टाकता येत नाही आणि फळबाग लावण्याचे धाडस होत नाही. हद्दीचा वाद हा कायद्याचा प्रश्न आहे, तितकाच तो उत्पादनाचाही प्रश्न आहे.

या वादाचे परिमाण एका साध्या हिशेबाने ध्यानात येते. जुन्या मोजणीची साखळी ३३ फुटांची. ३३ फूट लांब आणि ३३ फूट रुंद म्हणजे १,०८९ चौरस फूट, हा एक गुंठा. वीस साखळ्या, म्हणजे ६६० फूट लांबीचा बांध दरवर्षी थोडा थोडा कोरला गेला आणि उसाच्या चार फुटी सरीएवढा सरकला, तर २,६४० चौरस फूट, म्हणजे सुमारे २.४ गुंठे क्षेत्र एका शेतातून दुसऱ्या शेतात जाते. नांगराच्या एका फेऱ्यात हे दिसत नाही. सातबाऱ्यावरचे क्षेत्र तसेच राहते. अल्पभूधारकाला मात्र हे अडीच गुंठे मुलीच्या शिक्षणाइतके मोलाचे असतात, आणि त्यापेक्षाही अधिक त्याच्या मानाचे असतात.

एक वाद, तीन प्रश्न

बांधावरच्या भांडणात तीन वेगवेगळे प्रश्न एकमेकांत गुंतलेले असतात. पहिला प्रश्न हद्दीचा : दोन गटांमधील रेषा जमिनीवर नेमकी कोठून जाते? दुसरा हक्काचा : रेषेच्या अलीकडची जमीन कायद्याने कोणाच्या मालकीची? तिसरा ताब्याचा : आज ती कोण कसतो आणि कधीपासून? शेतकऱ्याच्या बोलण्यात हे तिन्ही प्रश्न ‘माझी जमीन त्याने दाबली’ या एका वाक्यात येतात. कायद्यात मात्र प्रत्येकाचे दार निराळे आहे.

हद्दीचा प्रश्न प्रथम महसूल व भूमी अभिलेख यंत्रणेचा आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मधील नववे प्रकरण हद्दी आणि हद्दीच्या निशाण्यांविषयी आहे. मोजणी पूर्ण झाल्यानंतर भूमापन क्रमांकाच्या वा हिश्श्याच्या हद्दीबाबत वाद निर्माण झाल्यास कलम १३५ अन्वये चौकशी करून निर्णय देण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. कलम १३६ अन्वये हितसंबंधिताच्या अर्जावरून हद्द आखून देता येते. बांधावरून शेतात जाण्याच्या वाटेचा प्रश्न कलम १४३ खाली तहसीलदारांकडे जातो. पूर्वापार रस्ता अडवला, पाण्याचा नैसर्गिक प्रवाह बंद केला किंवा कायदेशीर मार्ग न अवलंबता ताबा काढून घेतला, तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडे दाद मागता येते. तिची मुदत मात्र कारण घडल्यापासून अवघी सहा महिने आहे.

हक्काचा प्रश्न दिवाणी न्यायालयाचा. खरेदीखत खरे की खोटे, मृत्युपत्र वैध की अवैध, बहिणीचा हिस्सा किती, दत्तकविधान झाले की नाही, या बाबींचा अंतिम निर्णय तलाठी, मंडळ अधिकारी वा तहसीलदार देऊ शकत नाहीत. फेरफार नोंद ही महसूल वसुलीच्या सोयीसाठी असते. तिने मालकी निर्माण होत नाही आणि नष्टही होत नाही, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. संहितेच्या कलम १५७ नुसार अधिकार अभिलेखातील नोंद विरुद्ध पुरावा येईपर्यंत खरी मानली जाते, हे खरे. परंतु गृहीत धरणे वेगळे आणि सिद्ध होणे वेगळे. फेरफाराच्या अपिलामागून अपील, मग पुनरीक्षण, मग मंत्रालय अशा वाऱ्या करण्यात दहा वर्षे घालवून शेवटी ‘दिवाणी न्यायालयात जा’ असा शेरा मिळालेली कुटुंबे प्रत्येक तालुक्यात आढळतील. त्यांचा मुद्दा दुबळा होता असे नाही. दार चुकले होते.

तंजावरच्या राणीचा दावा

दार चुकण्याची किंमत किती मोठी असते, याचे एक उदाहरण मराठी माणसाच्या इतिहासातच आहे. तमिळनाडूत कुंभकोणमजवळच्या गोविंदपुरम् येथे विठ्ठल-रखुमाईचे भव्य मंदिर आहे. कावेरीच्या खोऱ्यातील भातखाचरांच्या या प्रदेशावर सतराव्या शतकाच्या उत्तरार्धापासून व्यंकोजी राजांच्या वंशाचे राज्य होते, आणि मराठी भाषेचा व भक्तिपरंपरेचा धागा तेथे आजही तुटलेला नाही. या घराण्यातील राजे दुसरे शिवाजी १८५५ मध्ये औरस पुत्राविना निवर्तले. ईस्ट इंडिया कंपनीने राज्य खालसा केले. त्याबरोबर राजाची खासगी जमीन, दागिने आणि चीजवस्तूही ताब्यात घेतली.

थोरल्या राणी कामाक्षीबाई यांनी मद्रासच्या सर्वोच्च न्यायालयात दावा लावला. राज्य गेले तरी खासगी मालमत्ता विधवेची, हा त्यांचा मुद्दा होता आणि त्या न्यायालयाने त्यांच्या बाजूने कौल दिला. कंपनी प्रकरण लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपुढे घेऊन गेली. १८५९ मध्ये तेथे निकाल फिरला. ही जप्ती म्हणजे एका सत्तेने दुसऱ्या सत्तेविरुद्ध केलेली राजकीय कृती आहे, ती न्याय्य की अन्याय्य हे तपासण्याचा अधिकार कोणत्याही नगरपालिक न्यायालयाला, म्हणजे देशांतर्गत कायदा चालवणाऱ्या न्यायालयाला नाही, असे त्या निर्णयाचे सार होते. मालमत्ता कोणाची, या प्रश्नाचा विचारच झाला नाही. न्यायालयाचे दारच या वादासाठी उघडे नाही, असे ठरले. पुढे १८६२ मध्ये सरकारने राजकीय निर्णय म्हणून ही मालमत्ता राजाच्या विधवांना परत दिली. परंतु कोणाला कोणत्या स्वरूपाचा हक्क दिला, याविषयी राण्यांमध्येच वाद उभा राहिला आणि १८६८ मध्ये तो मद्रास उच्च न्यायालयापुढे आला.

राजघराण्याचा हा इतिहास आजच्या शेतकऱ्याला दोन गोष्टी शिकवतो. बाजू कितीही बळकट असली तरी अधिकारक्षेत्र नसलेल्या ठिकाणी ती निरुपयोगी ठरते. दुसरे, मालमत्ता परत मिळणे पुरेसे नसते. कोणाला, किती आणि कोणत्या हक्काने मिळाली हे स्पष्टपणे लिहिले गेले नाही, तर एका वादाच्या पोटातून दुसरा जन्मतो.

नकाशा कशासाठी तयार झाला होता?

आजचे बहुतेक हद्दवाद समजून घ्यायचे तर जुन्या मोजणीचा हेतू जाणून घ्यावा लागतो. मुंबई इलाख्यात पद्धतशीर मोजणीचा पाया १८३५-३६ च्या सुमारास पुणे जिल्ह्यातील इंदापूर तालुक्यात गोल्डस्मिड आणि विंगेट या अधिकाऱ्यांनी घातला. शेताला क्रमांक, क्रमांकाला क्षेत्र आणि क्षेत्राला प्रतवारीनुसार आकार, अशी ती रचना होती. सारा ठरवणे हा तिचा उद्देश होता. मालकीचा अखेरचा निवाडा देण्यासाठी ती कधीच योजलेली नव्हती. साऱ्यासाठी झालेल्या मोजणीतून तयार झालेले टिपण, पुढे हिस्से पडल्यावर झालेली फाळणी आणि क्षेत्राचा आकारबंद हेच आजही हद्दीचे मूळ पुरावे आहेत.

स्वातंत्र्याच्या वर्षी आलेल्या, जमिनींच्या तुकडेबंदी व एकत्रीकरणाच्या १९४७ च्या कायद्याने या चित्रात आणखी एक थर चढवला. गावोगाव एकत्रीकरण योजना राबवल्या गेल्या, सर्व्हे क्रमांकांच्या जागी गट क्रमांक आले, कागदावर जमिनींची अदलाबदल झाली. अनेक गावांत शेतकरी मात्र आपल्या जुन्याच जागी कसत राहिले. परिणामी सातबारा एकाचा आणि वहिवाट दुसऱ्याची, अशी स्थिती दोन-तीन पिढ्या चालू आहे. अशा ठिकाणी कोणीही लबाड नसतो. तरीही मोजणी झाली की दोघेही एकमेकांचे अतिक्रमक ठरतात.

कावेरी खोऱ्यातील व्यवस्थेशी तुलना करणे येथे उद्बोधक ठरेल. मद्रास इलाख्याच्या परंपरेत प्रत्येक भूमापन क्रमांकाचे स्वतंत्र मापन-रेखाचित्र असते. त्यात शेताच्या प्रत्येक बाजूची लांबी आणि आधाररेषेपासूनची अंतरे नोंदलेली असतात. पट्टा, चिट्टा आणि अडंगल या नोंदींबरोबर हे रेखाचित्रही शेतकऱ्याच्या परिचयाचे असते. तेथील भूमापन व सीमा अधिनियम, १९२३ नुसार मोजणी अधिकाऱ्याने हद्द निश्चित केल्यावर अपिलाची सोय आहे आणि अंतिम अधिसूचनेनंतर तीन वर्षांच्या आत दिवाणी दावा लावता येतो. तसे न केल्यास ती नोंद हद्दीचा निर्णायक पुरावा ठरते. तमिळनाडूत बांधाचे वाद नाहीत असे मुळीच नव्हे. भातखाचराचा ‘वरप्पु’, म्हणजे बांध, तेथेही कोरला जातो. परंतु बाजूंची मापे शेतकऱ्याच्या हातात असणे आणि हद्दीच्या निर्णयाला कालमर्यादा असणे, या दोन गोष्टी महाराष्ट्राने लक्षपूर्वक पाहण्यासारख्या आहेत. आपल्याकडे सातबारा घरोघरी असतो; टिपणाची किंवा गटनकाशाची प्रत शंभरातील फार थोड्यांनी पाहिलेली असते.

मोजणी : वादाच्या आधी

मोजणी ही भांडण सुरू झाल्यावर करायची गोष्ट आहे, हा समज सर्वांत घातक आहे. वाटणी, खरेदी, फळबाग, विहीर, कुंपण यांपैकी काहीही करण्यापूर्वी मोजणी झाली पाहिजे. उप अधीक्षक, भूमी अभिलेख यांच्या कार्यालयात अर्ज व शुल्क भरल्यावर लगतच्या खातेदारांना नोटिसा जातात, भूकरमापक प्रत्यक्ष शेतावर येतो, खुणा दाखवतो आणि पुढे अर्जदाराला मोजणी नकाशाची ‘क’ प्रत मिळते. अर्ज देण्यास रब्बीची काढणी झाल्यानंतरचा काळ सोयीचा. उभ्या उसात किंवा तुरीत मोजणी नीट होत नाही आणि पुढची तारीख मिळण्यात हंगाम जातो.

लगतच्या शेतकऱ्यांकडून येथे नेहमी एक चूक होते. नोटीस आली तरी ते ‘आपला काय संबंध’ म्हणून हजर राहत नाहीत, किंवा रागाने सही नाकारतात. गैरहजर राहिल्याने मोजणी थांबत नाही. फक्त आपले म्हणणे नोंदवण्याची संधी जाते. हरकत असेल तर ती त्याच दिवशी लेखी द्यावी, जुने दगड, झाडे, विहिरी आणि बांध दाखवावेत आणि जबाबावर ते उतरवून घ्यावे. मोजणी मान्य नसल्यास वरिष्ठ अधिकाऱ्याकडून ‘निमताना’ मोजणी आणि त्यानंतर जिल्हा पातळीवर ‘सुपर निमताना’ मोजणी मागता येते. हा मार्ग न वापरता थेट खुणांचे दगड उपटणे हा अपराध आहे आणि त्याने स्वतःचीच बाजू कमकुवत होते. हद्दीच्या निशाण्या सुस्थितीत ठेवण्याची जबाबदारी संहितेने खातेदारावरच टाकली आहे, याचाही सर्वांना विसर पडलेला दिसतो.

उपग्रहाधारित रोव्हर यंत्रामुळे मोजणी जलद झाली आहे. मात्र यंत्राविषयी अवाजवी अपेक्षा बाळगू नये. यंत्र एखाद्या बिंदूचे पृथ्वीवरील स्थान काही सेंटिमीटरच्या अचूकतेने सांगते. रेषा कोठे असावी हे ते सांगत नाही. ती रेषा जुन्या टिपणातून, फाळणीतून किंवा गटनकाशातूनच घ्यावी लागते. मूळ अभिलेख फाटलेला, विसंगत किंवा चुकीचा असेल तर अचूक यंत्र ती चूकच अचूकपणे जमिनीवर उतरवते. म्हणून ‘नव्या यंत्राने मोजले’ एवढ्यावर समाधान न मानता कोणता अभिलेख आधाराला घेतला, हे विचारण्याची सवय लागली पाहिजे.

न्यायालयात जाताना

मोजणी झाली, रेषा कळली, तरी शेजारी जागा सोडत नाही किंवा मालकीच नाकारतो, तेव्हा न्यायालयाशिवाय गत्यंतर नसते. अशा वेळी संकोच करणे म्हणजे शहाणपण नव्हे. येथे काळ हा सर्वांत मोठा प्रतिपक्षी असतो. बळाने ताबा गेला असेल तर विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा केल्यास मालकीच्या वादात न शिरता केवळ पूर्वीच्या ताब्यावरून जमीन परत मिळू शकते. मालकीच्या आधारे ताबा मागण्यासाठी मुदत कायद्यानुसार, ताबा प्रतिकूल झाल्यापासून बारा वर्षे मिळतात. कलम १४३ खालील वाटेच्या निर्णयाविरुद्ध एका वर्षात दिवाणी दावा करता येतो. बारा वर्षे उघडपणे, अखंड आणि मालकाच्या हक्काविरुद्ध जमीन ताब्यात ठेवणाऱ्याचा हक्क पक्का होऊ शकतो. एवढेच नव्हे तर अशा हक्कावर तो स्वतः दावाही लावू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये स्पष्ट केले आहे. ‘भाऊच आहे, बघू पुढे’ या वाक्याने महाराष्ट्रात जितकी जमीन गमावली असेल, तितकी बनावट कागदांनीही गमावली नसावी.

दाव्याची मागणी कशी लिहिली जाते, यावर निकाल अवलंबून असतो. गावोगावचे बहुतांश दावे केवळ मनाई हुकुमाचे असतात, कारण ते स्वस्त आणि सोपे वाटतात. परंतु मालकीवरच गंभीर शंका उपस्थित झाली असेल तर केवळ मनाई मागून भागत नाही, मालकीची घोषणाही मागावी लागते, आणि ताबा गेला असेल तर ताब्याचीही मागणी करावी लागते; सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये हे तत्त्व विस्ताराने मांडले. याकडे दुर्लक्ष झालेले दावे अनेक वर्षांनी तांत्रिक कारणावर फेटाळले जातात. त्याच वर्षी हरियाणा वक्फ मंडळाच्या एका प्रकरणात, वाद जमिनीच्या सीमांकनाचा असेल तर स्थानिक चौकशीसाठी आयुक्त नेमणे उचित, असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ मध्ये ही तरतूद आहे. अतिक्रमणाच्या दाव्यात भूमी अभिलेख अधिकाऱ्याला न्यायालय आयुक्त म्हणून नेमण्याचा अर्ज लवकर केला, तर दोन्ही बाजूंच्या तोंडी साक्षींची अनेक वर्षे वाचू शकतात. साक्षीदार दहा आणले तरी एक नीट मोजलेला नकाशा त्यांच्यापेक्षा अधिक बोलतो.

आणखी एका बाबीची माहिती फार थोड्यांना असते. दावा चालू असताना प्रतिपक्षाने जमीन तिसऱ्याला विकली तरी खरेदीदार निकालाला बांधील असतो, असे सर्वसाधारण तत्त्व आहे. महाराष्ट्रात मात्र त्याचा लाभ मिळण्यासाठी प्रलंबित दाव्याची सूचना दुय्यम निबंधकाकडे नोंदवावी लागते. हा छोटा खर्च टाळल्याने दावा जिंकूनही नव्या खरेदीदाराशी पुन्हा पहिल्यापासून भांडण्याची वेळ येऊ शकते.

पुराव्याच्या दृष्टीने शेतीचे दैनंदिन कागदही मोलाचे आहेत. पीक पाहणीच्या नोंदी, सोसायटीचे कर्ज, कारखान्याला दिलेल्या उसाची नोंद, वीजजोडणी, विहिरीची नोंद, शासकीय योजनेतील कामाचे छायाचित्र, हे सारे ताब्याचे पुरावे होऊ शकतात. २०२१ पासून शेतकरी स्वतः मोबाइलवर ई-पीक पाहणी नोंदवू लागल्याने ही जबाबदारी वाढली आहे. वादग्रस्त पट्ट्यात पीक कोणाच्या गटात दाखवले जाते, याकडे दोन्ही बाजूंनी डोळसपणे पाहिले पाहिजे.

समझोता : तोंडी नव्हे, नकाशासह

न्यायालयात जाणे म्हणजे अखेरपर्यंत लढणे असे नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाखाली लोकअदालतीत झालेली तडजोड दिवाणी हुकूमनाम्याइतकीच बंधनकारक असते, तिच्यावर अपील होत नाही आणि प्रलंबित दाव्यात भरलेले न्यायालय शुल्क परत मिळते. दावा लावण्यापूर्वीही प्रकरण तेथे नेता येते. महिला तसेच अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्नाची अट न लावता तालुका विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो. गावपातळीवर २००७ मध्ये सुरू झालेल्या महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहिमेने बांधाचे वाद सामोपचाराने मिटवण्याची एक सवय निर्माण केली होती. तिचा जोर ओसरला असला तरी उपयोग संपलेला नाही.

एकाचा ताबा दुसऱ्याच्या नावावरील जमिनीत आणि दुसऱ्याचा पहिल्याच्या, असा परस्पर गुंता किमान बारा वर्षांचा असेल, तर ३ जानेवारी २०२३ च्या शासन निर्णयाने आलेली ‘सलोखा’ योजना उपयुक्त आहे. तिच्यात अदलाबदलीच्या दस्ताला नाममात्र एक हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि एक हजार रुपये नोंदणी फी ठेवण्यात आली. योजनेला ठरावीक मुदत असल्याने अर्जापूर्वी तिची सद्यःस्थिती तहसील कार्यालयात तपासून घ्यावी. सहधारकांमधील वाटणीसाठी संहितेचे कलम ८५ आहे.

या सर्व मार्गांत एक दोष टाळला पाहिजे, आणि तो म्हणजे तोंडी समझोता. पंचांसमोर नारळ फोडून ठरवलेली हद्द त्या पंचांच्या हयातीपुरती टिकते. रेषा मोजलेली, नकाशावर दाखवलेली, दोन्ही बाजूंच्या सह्यांची आणि आवश्यक तेथे नोंदणी केलेली असली, तरच ती मुलांच्या कामी येते. तंजावरच्या राण्यांचे उदाहरण येथे पुन्हा आठवावे : दिलेले काय, हे स्पष्ट नसेल तर देणेही वादाचे कारण होते.

विस्तार यंत्रणेकडून अपेक्षा

या मांडणीवर एक रास्त आक्षेप घेतला जाईल. मोजणीचे शुल्क, तारखांची प्रतीक्षा आणि वकिलाची फी लहान शेतकऱ्याला परवडत नाही. धनदांडग्याच्या हातात मात्र हीच साधने दुसऱ्याला जेरीस आणण्याची शस्त्रे होतात. आक्षेप खरा आहे. परंतु त्याचा अर्थ शेतकऱ्याने कागदापासून दूर राहावे असा होत नाही; उलट कागद जेथे महाग आहे तेथे तो सामूहिक रीतीने स्वस्त करावा, असा होतो. एका शिवारातील लगतच्या पाच-दहा खातेदारांनी एकाच वेळी मोजणीचे अर्ज दिले तर हद्दी एकमेकांशी जुळवून पाहता येतात आणि पुढचे वाद आधीच मिटतात. शेतकरी उत्पादक कंपन्या व गट हे काम सहज हाती घेऊ शकतात.

कृषी विज्ञान केंद्रे, कृषी सहायक आणि प्रगतिशील शेतकरी यांनी तीन गोष्टी आपल्या नेहमीच्या कामात आणाव्यात. शेततळे, बांधबंदिस्ती, फळबाग किंवा ठिबकच्या आराखड्यापूर्वी सातबाऱ्याबरोबर गटनकाशा व शक्य असल्यास ‘क’ प्रत पाहावी. गावातील प्रशिक्षण वर्गांत वर्षातून एकदा भूमी अभिलेख अधिकारी आणि विधी सेवा समितीचे प्रतिनिधी यांना बोलवावे, आणि टिपण, फाळणी व गटनकाशा कसा वाचायचा हे प्रत्यक्ष शिवारात दाखवावे. वादाची कुणकुण लागताच शेतकऱ्याला ‘सहा महिने’ आणि ‘बारा वर्षे’ या दोन मुदतींची आठवण करून द्यावी. निर्णय देणे हे विस्तार कार्यकर्त्याचे काम नव्हे. कोणत्याही एका बाजूचा सल्लागार होणे तर नव्हेच. योग्य कार्यालयाचे नाव वेळेवर सांगणे मात्र त्याच्या आवाक्यात आहे.

शासनाकडूनही अपेक्षा आहे. जमिनीच्या भागाची विक्री किंवा वाटणी होताना आधी मोजणी, मग दस्त आणि त्यानंतर फेरफार हा क्रम सक्तीचा व्हावा. प्रत्येक सातबाऱ्यासोबत बाजूंच्या मापांसह गटाचे रेखाचित्र खातेदाराला मिळावे. एकत्रीकरण योजनेतील विसंगती असलेली गावे निवडून तेथे मोहीम स्वरूपात दुरुस्ती व्हावी, कारण त्या चुका एकेका शेतकऱ्याने एकेका दाव्यातून सोडवण्याजोग्या नाहीत.

न्यायालय हक्क ठरवते, भूमी अभिलेख रेषा ठरवते आणि शेजारी ती रेषा पाळतात किंवा मोडतात. यांपैकी कोणताही एक घटक दुसऱ्याचे काम करू शकत नाही. येत्या उन्हाळ्यात, पेरणीची घाई सुरू होण्याआधी, प्रत्येक खातेदाराने आपल्या गटनकाशाची प्रत काढून बांधावरच्या दगडांशी ताडून पाहावी आणि शेजाऱ्यालाही सोबत न्यावे. दगड सापडला तर उत्तम. नाही सापडला, तर दोघांनी मिळून मोजणीचा अर्ज देण्याची तीच योग्य वेळ आहे.